शेवंताच्या माहेराची किल्ली

नऊ वर्षांच्या गार्गीने ‘मलाही फोटो टाकायला माझं ऑनलाइन खातं काढून दे’ असा हट्ट धरला आणि माझी झोपच उडाली. नाही म्हणायचा धीर नव्हता, समजावून सांगायची अक्कल नव्हती. शेवटी तिला ही गोष्ट सांगितली.

एका गावात शेवंता नावाची पापडवाली होती. तिचे नागलीचे पापड लोक तिच्या पेजवरून मागवत. ते पेज फार पूर्वी उघडलेलं. तेव्हा पासवर्ड विसरला तर एकच प्रश्न विचारत: ‘तुमचं माहेर कोणतं?’ उत्तर बरोबर आलं की दार उघडं.

तिची नणंद कुसुम शाळेत शिकवायची. ती म्हणाली, “वहिनी, हा प्रश्न काढून टाका आता. मोबाइलवर आकडे येतात, ते लावून घ्या.”

“वन्सं, माहेर काय लपवायची गोष्ट आहे?” शेवंता हसली. तिने तर पेजवर उखाण्याचा व्हिडिओच टाकला होता:

“पापडाच्या पिठात घातलं जिरं,
करंजगाव माझं माहेर खरं,
किसनरावांचं नाव घेते, आता लाटायला बसलेलं बरं!”

हजारो लोकांनी तो ऐकला. त्यांतल्या एकाला पापड नको होते. त्याने पासवर्ड विसरल्याची बतावणी केली, उत्तरात ‘करंजगाव’ लिहिलं आणि आत शिरला. मग शेवंताच्या नावाने गिऱ्हाइकांकडे आगाऊ पैसे मागितले.

चार दिवसांनी बायका दारात उभ्या. “शेवंते, तुझं नाव बघून डोळे मिटून पाठवले गं!”

सासू कुजबुजली, “गप्प बस. लोक हसतील.”

शेवंता गप्प बसली नाही. आठवडी बाजारात सगळ्यांसमोर म्हणाली, “चोराने कुलूप फोडलं नाही. किल्ली मीच गाऊन दाखवली. माझ्या नावाने कुणी पैसे मागितले तर देऊ नका.” लोक हसले. पण त्या दिवसापासून चोराला कुणी दमडी दिली नाही. ज्यांचे पैसे गेले, त्यांना शेवंताने पापड लाटून दिले.

कुसुमच्या मदतीने पेज परत मिळालं. उखाणा तिने काढला नाही, कुलूप बदललं. नवा पासवर्ड, आणि वर तिच्याच मोबाइलवर येणारे सहा आकडे. ते आकडे तिने वन्संनासुद्धा सांगितले नाहीत.

तात्पर्य: जे मिरवायचं, त्याची किल्ली करू नये, आणि जी किल्ली, ती कुणाला दाखवू नये.

गार्गीने विचार केला. मग म्हणाली, “आई, माझा वाढदिवस, माझी शाळा, मांजराचं नाव, सगळं तू तुझ्या खात्यावर टाकून बसलीस. मला किल्लीला काही ठेवलंयस का?”