पिवळं दूध

एका गवळवाड्यात एक गवळण राहायची. कुणाची गाय अडली, कुणाची म्हैस आटली, की सगळे तिच्याच दारात. जनावराचं तिला न कळणारं काही नव्हतं.

तिची सून बाळंत झाली, मुलगा झाला. पण गवळणीच्या जिवाला चैन पडेना. सुनेचं पहिलं दूध पिवळं नि घट्ट. असलं दूध साठून नासलेलं, ते बाळाला बाधतं, अशी तिची पक्की समजूत. तिने ते पिळून टाकायला लावलं आणि बाळाच्या तोंडात गूळपाण्यात भिजवलेला कापसाचा बोळा धरला.

बाळ दिवसभर रडलं. दुसऱ्या दिवशी रडणं बारीक झालं. गवळण घरातून अंगणात, अंगणातून घरात. मीठमोहऱ्या ओवाळून झाल्या, पाळणा हलवून दुसऱ्या कोपऱ्यात नेला, तरी तिचा पाय ठरेना.

"आत्याबाई, एकदा पाजू का?" सुनेने विचारलं.

"तिसरा दिवस उलटू दे. आमच्यात असंच करतात."

तेवढ्यात घरालगतच्या गोठ्यात गाय व्याली, तशी गवळण तिकडे गेली. शेजारीण चरवी घेऊन हजर. "खरवसापुरता चीक काढू का हो?"

"सडाला हात लावू नकोस," गवळण म्हणाली. "पहिला चीक पोटात गेला नाही तर वासरू उभं तरी राहील का? तुझ्या जिभेपायी त्याला मारतेस काय?"

सुनेने बाजेवरूनच विचारलं, "आत्याबाई, गाईचा चीकही पिवळाच असतो ना?"

"असतो की," गवळण म्हणाली आणि तिथेच थांबली.

तिला आपला थोरला आठवला. तोही असाच बोळ्यावर होता, तिसऱ्या दिवशी गेला. सगळे म्हणाले दृष्ट लागली, तीही तेच म्हणत आली होती.

ती धावतच आत आली. बाळाचे ओठ सुकलेले, रडण्याचंही त्राण नव्हतं. "पाज, आत्ताच्या आत्ता पाज."

बाळाला ओढता येईना. गवळणीने हात स्वच्छ धुतले, अशक्त वासराला देतात तसं बोट त्या पिवळ्या दुधात बुडवून बाळाला चोखायला दिलं. एक थेंब, दुसरा थेंब. मग बाळाने आपणहून तोंड वळवलं नि आईला घट्ट धरलं.

संध्याकाळी ते गल्लीभर ऐकू जाईल असं रडलं. सून हसली. गवळण मात्र दाराशी बसून किती तरी वेळ डोळे पुसत होती.

तात्पर्य: चुकीची समजूत मायेच्या हातूनही जीव घेते, म्हणून 'आमच्यात असंच करतात' म्हणण्याआधी डोळे उघडून बघावं.