न पुकारलेली नावे

पूर्वी कुंभवती नगरात अजयसेन राज्य करीत असताना बोधिसत्त्व दवंडी पिटणाऱ्याच्या कुळात जन्मला होता. त्या वर्षी साऱ्या जंबुद्वीपावर महामारी फिरून गेली. कुंभवतीत निम्मी घरे ओस पडली.

त्या नगराची एक रीत होती. दवंडीवाल्याने मृताचे नाव चौकात तीनदा पुकारले की घराचे दहा दिवसांचे सुतक सुरू होई. तेवढे दिवस घरातला धंदा बंद राही आणि शेजारी जेवण पोचवीत. साथीच्या धामधुमीत मात्र नावे पुकारणे राहूनच गेले.

साथ ओसरताच राजाने दवंडी पिटवली, "इतर राज्यांत माणसे मेली. कुंभवतीत एकही नाही." ती दवंडी बोधिसत्त्वानेच दिली.

विणकराची विधवा कुंडला नवऱ्याचे नाव पुकारले जाण्याची वाट पाहत होती. माग बंद होता आणि जेवण कोणीच आणत नव्हते.

शेजारचा तांबट म्हणाला, "वहिनी, कोणी मेलंच नाही, तर सुतक कसलं? माग चालवा."

"तुमचा भाऊ कुठं आहे?"

"गावाला गेलाय म्हणायचं."

"आला की माझा निरोप सांगा," कुंडला म्हणाली. मग ती बोधिसत्त्वाकडे गेली. "दादा, तीन दिवस उपाशी आहे. त्यांचं नाव पुकारा."

'याच ढोलावर मी खोटे बोललो,' असा विचार करून बोधिसत्त्व भर दुपारी चौकात उभा राहिला. त्याने विणकराचे नाव तीनदा पुकारले. मग आठवतील तितकी नावे तो पुकारू लागला. एकेक दार लागत गेले. तांबट खिडकीतून म्हणाला, "बाबा रे, आमच्या भावाला वगळ. दहा दिवस भट्टी बंद ठेवणं परवडायचं नाही."

बोधिसत्त्वाने त्या भावाचेही नाव पुकारले. तांबट स्वतः जाऊन शिपायांना घेऊन आला. ढोल फोडण्यात आला आणि बोधिसत्त्वाला वेशीबाहेर घालवण्यात आले. उरलेली नावे पुकारतच तो गेला. त्याला निरोप द्यायला एकटी कुंडला आली.

भट्टी त्या दिवशीही चालू होती. संध्याकाळी कुंडलेच्या दारात एकच ताट आले, तेही पदराखाली झाकून. तांबटाच्या बायकोने ते नवऱ्याच्या नकळत आणले होते.

ही गोष्ट सांगून शास्ता बुद्ध म्हणाला, "भिक्षूंनो, तो राजा म्हणजे आज संघात फूट पाडू पाहणारा भिक्षू. कुंडला म्हणजे या विहारात पाणी भरणारी वृद्ध भिक्षुणी. दवंडीवाला मीच होतो."

"आणि दारे लावून घेणारे?" एकाने विचारले.

शास्त्याने समोर बसलेल्या सभेवरून नजर फिरवली, पण नाव कोणाचेच घेतले नाही. सर्वांनी माना खाली घातल्या.

ही सत्यपारमिता, म्हणजे सत्याची परिपूर्ती, होय.