खाणीच्या तलावावर टाळी वाजत नाही

आमच्या शहराच्या जलतरण तलावावर स्पर्धा बघायला आलेला पाहुणा हमखास स्वतःचे हसे करून घेतो. पहिला पोहणारा काठाला लागला की तो उत्साहाने टाळी वाजवायला जातो आणि शेजारचा एखादा म्हातारा त्याचे हात धरतो. "इथं नाही, पाव्हणं." मग म्हातारा कारण सांगू लागतो.

पूर्वी इथे दगडाची खाण होती म्हणे. खणता खणता झरा लागला आणि खाण पाण्याने भरली. त्या पाण्यात सिदू भोई पोरांच्या पाठीला सुका भोपळा बांधून त्यांना पोहायला शिकवी. साऱ्या शहराची पोरे त्याच्या हाताखालून गेली. स्वतःच्या लेकीला, गोदीला मात्र त्याने कधी पाण्यात उतरवले नाही. "भोयाची पोर ती, शिकंल आपसूक," म्हणायचा. दिव्याखाली अंधार म्हणतात तो हा.

पुढे पालिकेने खाणीला पायऱ्या बांधून तलाव सर्वांना खुला केला. त्या दिवशी कड्यावरून पहिला सूर सिदूने मारायचा होता. बघायला सारे शहर लोटले. सिदूने सूर मारला आणि वर येतो तो काय, टाळ्यांनी खाण दणाणून गेलेली! चारही बाजूंच्या कातळांतून टाळी परत येई. शेजाऱ्याचा शब्द शेजाऱ्याला ऐकू येईना. तेवढ्यात पायरीवर त्याला बायको दिसली. येसू एरवी चारचौघांत तोंड उघडत नसे, ती दोन्ही हात उंचावून ओरडत होती. सिदूचा ऊर भरून आला. हिलाही आज कौतुक आवरेना, असे त्याला वाटले. त्याने तिच्याकडे बघून हात हलवला आणि पुन्हा कड्यावर चढला. इकडे बायाबापड्या येसूला मागे ओढत होत्या, "अगं, आनंदानं पडशील की पाण्यात!"

दुसरा सूर खोल गेला. तळाशी सिदूच्या बोटांत एक वेणी आली.

गोदीला घेऊन तो वर आला, तेव्हा टाळ्या दुप्पट झाल्या. बुडालेल्याला कसे काढायचे, याचाच हा खेळ आहे, असे लोकांना वाटले. पोरगी किती गुणाची, कशी डोळे मिटून पडलीय, असेही कुणी म्हणाले म्हणे. तिची मान लवंडली तेव्हा कुठे हात थांबले.

येसू जवळ आली. तिच्या डोळ्यांत पाणी नव्हते. "लोकांनी रेटलं, तशी घसरली. म्या बोंबलत हुते," ती म्हणाली, "आन् तुमी हात हलिवला."

आणि असे सांगतात की, माणसांचे हात थांबले तरी कातळातली टाळी थांबेना. ती वाजतच राहिली. लोक कान झाकून पळू लागले. शेवटी लेकीला येसूच्या मांडीवर ठेवून सिदू पाण्यात उतरला आणि त्याने शहराला शपथ घातली, "ह्या पाण्यावर पुन्यांदा टाळी वाजायची न्हाई. जो पयला यील त्यानं आधी तळ चाचपायचा. खाली कुणी न्हाई असं दावलं, तरच त्यो जितला." तेव्हा कातळ गप्प झाला.

आजही इथे पहिला आलेला पोहणारा, कितीही धाप लागलेली असो, पुन्हा बुडी मारतो, तळ चाचपतो आणि वर येऊन रिकामा तळवा काठाकडे धरतो. तो तळवा दिसेपर्यंत काठावरची एकही आई आपल्या लेकराचे मनगट सोडत नाही.