बेचाळीस कबुतरांची वही

फार जुनी गोष्ट आहे. रस्ते होते, पण त्यांवर लुटारूंचा सुळसुळाट होता, त्या काळची.

मिठाच्या एका व्यापाऱ्याच्या सात गावांत सात पेढ्या होत्या. निरोप कबुतरं नेत. कबूतर ज्या गावचं, सोडलं की त्याच गावी परत जाई. म्हणून प्रत्येक पेढीची सहा, अशी बेचाळीस कबुतरं व्यापाऱ्याच्या घरी आणून ठेवलेली असत. म्हातारा राखणदार रोज संध्याकाळी ती मोजी. बेचाळीस भरली की दार लावी.

तो थकल्यावर सगुणा नावाची बाई कामाला आली. नुसतं मोजून तिचं समाधान होईना. एकेक कबूतर हातात घेऊन ती वहीत लिहू लागली. रंग, पायातला पेढीच्या खुणेचा दोरा, गाव, शेवटचं कधी सोडलं.

व्यापाऱ्याचे दिवाणजी हसले. "सगुणाबाई, पत्रिका मांडताय की काय त्यांच्या? आकडा बरोबर आहे ना?"

"आकडा बरोबर आहे, दिवाणजी. पण हे बेचाळीस कोण कोण, ते कुणालाच सांगता येत नाही."

सहाव्या दिवशी दिवाणजी चिठ्ठी घेऊन धावत आले. साठ माणसांचा तांडा निघत होता. तो कोणत्या खिंडीतून येणार, हे दक्षिणेच्या पेढीला कळवायचं होतं. त्या पेढीच्या कप्प्यातलं हाताला लागलं ते कबूतर त्यांनी उचललं.

"थांबा," सगुणा म्हणाली. "हे अजून वहीत नाही."

"दोरा आपलाच आहे की! तुमच्या वहीसाठी तांडा खोळंबायचा नाही, बाई."

"साठ जीव आहेत, दिवाणजी. आधी कोरी चिठ्ठी बांधून सोडू."

कुरकुरत का होईना, दिवाणजींनी ऐकलं. कबुतराने घरावर एक गिरकी घेतली आणि ते थेट उत्तरेच्या डोंगरात गेलं. तिकडे एकही पेढी नव्हती. तिकडे लुटारूंचा तळ होता.

"हे आपल्या कप्प्यात आलं कसं?" दिवाणजींनी विचारलं.

"आपलं एखादं मेलं असेल," सगुणा हळूच म्हणाली. "त्याच्या जागी कुणी हे आणून सोडलं. आकडा तेवढाच राहिला, म्हणून कुणी बघितलं नाही."

मग तिने वहीतलं, ओळखीचं कबूतर सोडलं. चौथ्या दिवशी साठच्या साठ माणसं सुखरूप पोचली. पुढे त्या घरात नवं कबूतर आलं की आधी वहीत चढे, आणि मेलेल्याचं नाव त्याच दिवशी खोडलं जाई.

तात्पर्य: आपल्याकडे किती आहे एवढंच ज्याला ठाऊक, काय काय आहे हे नाही, त्याला स्वतःचं घर राखता येत नाही.