पहिल्या घासाचा मान

पूर्वी शीलावती नगरीवर सुषेण राजाचे राज्य होते. त्या काळी बोधिसत्त्व माहुताच्या कुळात जन्म घेऊन राजाच्या हत्तीशाळेत चाकरीला होता. त्याचे नाव भद्रक.

हत्तीशाळेत एक रीत होती. एकाच वेळी चाकरीला लागलेल्या माहुतांत, नव्या पिल्लाने ज्याच्या हातचा पहिला घास घेतला तो ज्येष्ठ. पुढे नऊ वर्षांनी मुख्य माहुताची जागा रिकामी झाली, तेव्हा त्या रीतीने राजाने ती भद्रकाला दिली. त्याच्याबरोबरच लागलेल्या नंदिलाने मात्र राजसभेत दाद मागितली.

नंदिलाच्या बायकोचा, रोहिणीचा, जीव खालीवर झाला. राजाच्या हुकुमाविरुद्ध जायचे, म्हणजे आहे ती चाकरीही जायची. पण मुख्य माहुताला किल्ल्यात कोरडे घर मिळे, आणि यांची नदीकाठची झोपडी बारा महिने ओली. नऊ वर्षांची चित्रा सारखी खोकत असे. म्हणून तिने नवऱ्याला अडवले नाही. लेकीचा हात धरून ती सभेच्या दाराशी उभी राहिली.

नंदिलाने सगळे सांगितले. मेघक नावाचे आईवेगळे पिल्लू रानातून आणले, तेव्हा ते कशालाच तोंड लावेना. सहा दिवस त्याने आवारामागे बसून त्याला पेज भरवली. सातव्या दिवशी हत्तीशाळेच्या अधिकाऱ्यासमोर घास द्यायचा, आणि त्याच पहाटे तान्ही चित्रा तापाने फणफणली. तो घरीच राहिला. घास भद्रकाने दिला. पोर वाचली यातच त्याला तेव्हा सगळे आले होते.

"नऊ वर्षं लागली वाटतं ताप उतरायला," अधिकारी म्हणाला. सभा हसली. नंदिलाला साक्षीदार नव्हता.

मग राजाने सांगितले, मेघकालाच आणा. तो ज्याच्या हातचा घास घेईल, जागा त्याची. नऊ वर्षे मेघक भद्रकाच्याच हाताखाली होता.

भद्रकाला नुसता हात पुढे करायचा होता. त्याने हात जोडले.

"महाराज, हत्ती माझ्याकडंच येईल. म्हणूनच ही परीक्षा नको. त्या सकाळी मी हात पुढं केला आणि पिल्लानं सोंड वर करून आ केला. मला वाटलं, माझाच हातगुण. आज यांचं ऐकलं तेव्हा उमगलं. आधी कुणी मायेनं भरवलं नसेल, तर रानातलं पिल्लू माणसापुढं तोंड उघडत नाही. पहिला घास नंदिलदादांचाच."

"जागा जाईल तुझी," राजा म्हणाला.

"ती माझी नव्हतीच, महाराज."

राजाने जागा नंदिलाला दिली. दुसऱ्या दिवशी भद्रकाने चित्राला मेघकाच्या पाठीवर बसवून किल्ल्यातल्या घरी पोचवले. रोहिणी मागून चालत होती, आणि दर चार पावलांनी, नीट धर गं, पडशील, म्हणून सांगत होती.

एवढे सांगून शास्ता, म्हणजे भगवान बुद्ध, म्हणाले, "त्या वेळचा राजा तो आजचा सारिपुत्त, नंदिल तो आनंद, रोहिणी ती उप्पलवण्णा. आणि भद्रक मीच होतो." कोणी विचारले नसताना, आपल्या तोट्याचे असले तरी खरे तेच बोलावे, ही सत्यपारमिता.