वटवाघळीण टॅबलेट निवडते

जंगलातली शाळा टॅबलेटवर भरू लागली, त्या वर्षातली ही गोष्ट. वडावरची वटवाघळीण माकडशेठच्या दुकानात आली. उद्यापासून तिच्या लेकीचा, पिंगीचा, वर्ग सुरू होणार होता.

"हा घ्या वहिनी, सगळ्यांत मोठा! हत्तीणबाईंनीसुद्धा हाच नेला," शेठ म्हणाला.

वटवाघळिणीनं तो नखांत धरून पाहिला. आपली पोर उलटी लटकून शिकणार, हे सांगावं तर सगळे हसतील. पण चुकीचा नेला तर तिचा अभ्यास बुडेल. शेवटी लाज गिळून ती म्हणाली, "शेठ, मी जरा लटकून बघते."

ती आढ्याला लटकली.

"अगं बाई, दुकान आहे की झाड?" मागे उभी असलेली कोल्हीण खिदळली.

मोठा टॅबलेट नखांतून सटकला, शेठनं कसाबसा झेलला. मग तिनं कोपऱ्यातला लहान, हलका टॅबलेट धरला. तो नखांत नीट बसला आणि त्यातली अक्षरं आपोआप फिरून तिला सरळ दिसू लागली.

दुसऱ्या दिवशी घुबडगुरुजींनी विचारलं, "सगळे सरळ बसलात ना?"

कोल्हिणीचं पिल्लू मोठा टॅबलेट सावरता सावरता कलंडलं होतं. पिंगी मात्र वडावरून ओरडली, "मी सरळच आहे, गुरुजी!"

शेजारी लटकलेल्या आईनं तेव्हा कुठे पंख सैल सोडले.