नोहेआकडून राहिलेलं नाव

एक होतं बेट, हवाई नावाचं. पार लांब, समुद्राच्या मधोमध. तिथल्या लोकांना लिहिणं ठाऊक नव्हतं, बरं का. मग पूर्वज कोण, अळूच्या खाचरांना पाणी देणारा पाट कोणी खणला, हे लक्षात कसं ठेवायचं? तर नाचून! त्या नाचाला म्हणायचे हुला. तोंडाने गायचं, हातांनी सांगायचं. हात असे हलले की लाट, तसे हलले की पाऊस.

मग तिथल्या एका खोऱ्यात नवा राजा आला. म्हणाला, "खोरं तुमचं कशावरून? पाट कोणी खणला ते सांगा, नाहीतर चालते व्हा!"

नाच शिकवणाऱ्या कुमूबाईंचे गुडघे गेलेले. सगळा हुला येणारी एकटी त्यांची शिष्या नोहेआ. आणि ती कसली भित्री! नारळ पडला तरी दचकायची.

"कुमू, माझं चुकलं तर?"

"तर पुन्हा पहिल्यापासून, पोरी."

मग नोहेआ नाचताना घालायच्या माळेसाठी नेच्याची पानं आणायला रानात गेली. विचारल्याशिवाय पान तोडायचं नाही, अशी तिथली रीत. तिने विचारलं, रान गप्प. पुन्हा विचारलं, रान गप्प. तिसऱ्यांदा विचारलं, तेव्हा नेचा आपणहून वाकला.

मग राजासमोर कुमूंनी वाळक्या भोपळ्यावर ठेका धरला. नोहेआने पाट खणणाऱ्या कानोआचं नाव घेतलं, तर पाटाच्या काठी एक म्हातारा उभा! माकोआचं घेतलं, दुसरा उभा! इतक्यात राजा शिंकला, केवढ्यांदा! नोहेआ दचकली, तिसरं नाव राहिलं आणि पाय पुढे निघून गेले.

राजाला काय कळतंय? "वा! खोरं तुमचं," तो म्हणाला.

नोहेआ थांबली. "नाही महाराज. एक नाव राहिलं."

"गप बस गं!" मागून लोक कुजबुजले.

"पुन्हा नाचलीस तर निवाडाही पुन्हा करीन हं," राजा म्हणाला.

तरी ती पहिल्यापासून नाचली. कानोआ. माकोआ. हिनालेआ!

तशी पाटातून एक बाई वर आली. गुडघाभर चिखल, आणि नाक हुबेहूब राजाचं.

"पणजी?" राजाच्या तोंडून निघालं.

"बघतोस काय? उतर, चिखल उपस!"

राजाने कासोटा खोचला आणि उतरला की पाटात! कुमूंनी नोहेआच्या गळ्यात स्वतःची माळ घातली. मग खोरं खोऱ्यातल्यांचंच राहिलं, अळू मायंदळ पिकलं, सगळे सुखात नांदले. नोहेआ पुढेही दचकायची, पण मान ताठ ठेवून.

चला, हात पांघरुणात. मिटा डोळे.